सासूच्या साच्यातल्या ललिताबाई

जुन्या हिंदी चित्रपटात चरित्र अभिनेत्याचं पोट साच्यावर चालायचं. जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलीस अधिकारी रंगवला आणि गिनेस बुकात जाऊन बसले. इफ्तेखार यांचीही बरीच हयात खाकीत गेली. निर्मात्याला ते सोयीचं होतं. असा नट दारातून आत आला की पात्राची ओळख करून द्यायला वेगळा प्रसंग लागत नाही, तेवढीच फिल्म वाचते. नटाची चूल पेटती राहते. पण अशा साच्यात अभिनयाला जागा उरते किती?

ललिता पवार यांनी ती जागा शोधून काढली. येवल्यात १९१६ साली जन्म, मूकपटात बालकलाकार, १९३०च्या दशकात नायिका. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांची थप्पड जोरात लागली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला, डाव्या डोळ्यात कायमचा दोष राहिला आणि नायिकापद गेलं. पुढे त्याच डोळ्याने त्यांना खाष्ट सासू मिळवून दिली, असं सगळेच सांगतात. मला ते अर्धवट वाटतं. डोळा तोच ठेवून त्यांनी माया केली, त्याचं काय? ‘श्री ४२०’मध्ये राज कपूर केळेवालीशी उलटा सौदा करतो: दोन आण्याला तीन नकोत, तीन आण्याला दोन दे. ती आधी ठाम नकार देते, मग गंमत ध्यानात येताच मोकळं हसते. ज्याच्यावर ती लेकरासारखी माया करते तो राज कपूर तिच्याहून जेमतेम आठ वर्षांनी लहान!

‘अनाडी’तल्या मिसेस डिसासाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं. भाडेकरूवर खेकसणारी ही ख्रिस्ती घरमालकीण. रागावणं एका प्रसंगात आणि माया दुसऱ्यात, अशी सोपी वाटणी त्या करत नाहीत. आवाज भांडत असतो, नजर कधीच विरघळलेली असते.

तरी माझं मत ‘प्रोफेसर’ला. भाच्यांवर करडा पहारा ठेवणारी प्रौढ बाई म्हाताऱ्या शिक्षकाच्या प्रेमात पडते, आणि तो शिक्षक म्हणजे सोंग घेतलेला शम्मी कपूर. प्रसंग बाईची टिंगल करायलाच लिहिलेला आहे. ललिताबाई ती होऊ देत नाहीत. त्यांचं लाजणं इतकं खरं आहे, की हसता हसता आपल्यालाच थोडं ओशाळल्यासारखं होतं. मात्र असल्या भूमिका कमीच. पुन्हा सासू, पुन्हा कजाग आत्या. निर्मात्यांचा हा आळस माफ करण्याजोगा नाही.

सत्तरी गाठल्यावर दूरदर्शनच्या ‘रामायण’मध्ये त्या मंथरा झाल्या. रविवारी सकाळी घरोघरी लोक हात जोडून बसत आणि या बाईला शिव्या घालत. ही मंथरा आधी कैकेयीचा अंदाज घेते, मगच विष ओतते.

आजच्या दैनंदिन मालिकेत खाष्ट सासूंना तोटा नाही. एकेक वाक्य झालं की कॅमेरा घरातल्या प्रत्येकाच्या तोंडावर धडाम आवाजासह जातो आणि सासूने भुवई वर करून ताटकळायचं. बऱ्याच जणी रंगभूमीवरून तयार होऊन आलेल्या असतात. पण रोजचा भाग रोज द्यायचा, दृश्यं हातात पडतात सेटवर, तालमीला वेळ नाही. मग भुवईवरच भागवलं जातं. ललिताबाईंच्याही वाट्याला साचाच आला होता, फक्त प्रसंग पुढे नेण्याचं काम तेव्हा नटीकडे असायचं. आता ते पार्श्वसंगीताकडे गेलं आहे.