जखमेचा वारसा आणि गाण्याचा वारसा : ‘जय भीम कॉम्रेड’मधील स्मृतीचे स्वरूप

प्रस्तावना :
सामूहिक हिंसेचा आघात तो प्रत्यक्ष भोगणाऱ्या पिढीपुरता मर्यादित राहत नाही. नाझी वंशसंहारातून वाचलेल्यांच्या अपत्यांच्या संदर्भात मारियन हर्श यांनी ‘उत्तरस्मृती’ ही संकल्पना मांडली. त्यांच्या विवेचनात कौटुंबिक छायाचित्राला मध्यवर्ती स्थान आहे. आनंद पटवर्धन यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) या माहितीपटात मात्र हे स्थान गाण्याकडे जाते. प्रस्तुत लेखात या भेदाचा विचार केला आहे.

आघात आणि न्याय :
११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निदर्शने करणाऱ्या वस्तीवर राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला आणि दहा जणांचा बळी गेला. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’ (१९८५) मध्ये घोगरे यांचे गाणे होते. या परिचयातून सुरू झालेले चित्रीकरण चौदा वर्षे चालले.

ही दीर्घता केवळ निर्मितीची अडचण नव्हे, तीच चित्रपटाची रचना ठरते. गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरविला. दोषी पोलीस अधिकाऱ्यास २००९ मध्ये जन्मठेप झाली, पुढे उच्च न्यायालयाने त्यास जामीन दिला. मध्यंतरी २००६ मध्ये खैरलांजीचे हत्याकांड घडले. जुनी जखम भरण्यापूर्वीच नवी होते, हे कालक्रमच सिद्ध करतो. अशा स्थितीत ‘उपशमन’ ही केवळ मनोवैज्ञानिक प्रक्रिया मानली, तर अन्यायग्रस्तांवरच विसरण्याची जबाबदारी टाकल्यासारखे होते. पटवर्धन हे टाळतात, आणि हेच या माहितीपटाचे नैतिक बळ होय.

गाण्याचा वारसा :
आंबेडकरी जलशांपासून चालत आलेली शाहिरी ही येथे स्मृतीची संस्था आहे. २००२ च्या गुजरात दंगलीनंतर पुण्यात उभ्या राहिलेल्या कबीर कला मंचाचे तरुण कलावंत घोगरे यांच्या परंपरेचे वारस म्हणून समोर येतात. छायाचित्र पाहावयाचे असते, गाणे मात्र पुन्हा गावे लागते. त्यामुळे येथील उत्तरस्मृती शोकात थिजत नाही, ती कृतिप्रवण होते. मात्र या वारशाची किंमतही मोजावी लागते. कलावंतांवर भूमिगत होण्याची वेळ आली, हे चित्रपट लपवीत नाही.

मर्यादा :
चित्रपटाचा भर सार्वजनिक अवकाशावर अधिक आहे. मृतांच्या मुलांच्या मनात, घरातील मौनात ही स्मृती कशी रुजते, याचा शोध तुलनेने कमी लागतो. सभेतील गाणे ऐकू येते, घरातील अबोला तेवढा ऐकू येत नाही. वारशाने आलेल्या आघाताचा अभ्यास करणाऱ्यास ही उणीव जाणवते.

निष्कर्ष :
घाटकोपरवरून जाणारी कर्जत लोकल शेलूला थांबते. त्या गाडीने महाविद्यालयात येणारे आजचे बहुतेक विद्यार्थी १९९७ नंतर जन्मलेले आहेत. त्यांच्यासाठी रमाबाई नगर हे केवळ एका वस्तीचे नाव राहण्याचा धोका आहे. न्यायाची भरपाई माहितीपट करू शकत नाही. परंतु विस्मरणाला उपशमन समजण्याची चूक तो होऊ देत नाही. समाजशास्त्र आणि मराठी या दोन्ही विषयांच्या अध्यापनात ‘जय भीम कॉम्रेड’ला स्थान मिळावे, ते याच कारणासाठी.