कावळ्याची काव आणि विनोदाचा तराजू

३ मार्च १९७५ ची रात्र. ऑस्ट्रेलियातील नाइन वाहिनीवर 'द ग्रॅहॅम केनेडी शो' थेट प्रक्षेपित होत होता. केसांवर मारायच्या फवाऱ्याची जाहिरात चालू होती. सहकारी निवेदिका मालाचे गुण सांगत होती आणि सूत्रधार केनेडी याने मध्येच कावळ्याचा आवाज काढला. आपल्याकडचा कावळा 'काव काव' करतो; त्या रात्रीचा कावळा मात्र असा काही लांबट ओरडला की, इंग्रजी जाणणाऱ्यांना त्या ओरडण्यात एक असभ्य शब्द स्पष्ट ऐकू आला. प्रेक्षागृह हसले, घरोघरच्या पालकांनी कपाळाला आठ्या घातल्या, वाहिनीकडे तक्रारी आल्या. प्रक्षेपण नियंत्रण मंडळाने केनेडीच्या थेट प्रक्षेपणावर बंदी घातली. यापुढे त्याचा कार्यक्रम आधी ध्वनिचित्रमुद्रित व्हावा आणि मगच दाखवला जावा, असे ठरले.

ज्याला त्याचे देशबांधव 'दूरदर्शनचा राजा' म्हणत, त्याची आठवण आजही पुष्कळदा या एका कावेपाशी येऊन थांबते. हा त्याच्यावर अन्याय आहे काय? आणि विनोदाचा न्याय करताना शब्दांची स्वच्छता एवढेच एक माप पुरेसे आहे काय? हे प्रश्न आपल्यालाही परके नाहीत. सोज्ज्वळ भाषेत केलेली क्रूर थट्टा आपण सहज खपवून घेतो आणि एखादा रांगडा शब्द कानी पडताच उठून जातो. केनेडीची कारकीर्द या दृष्टीने तपासून पाहण्यासारखी आहे.

ग्रॅहॅम केनेडी याचा जन्म मेलबर्नमध्ये १५ फेब्रुवारी १९३४ रोजी झाला. आईवडिलांचा संसार मोडला आणि त्याचे बालपण बव्हंशी आजीआजोबांच्या छायेत गेले. पोरवयातच तो नभोवाणीच्या क्षेत्रात शिरला. थ्री-यूझेड या केंद्रावर तो ध्वनिमुद्रिका लावीत असे. त्या केंद्रावर 'निकी' या नावाने घराघरांत पोहोचलेले क्लिफर्ड व्हिटा हे निवेदक होते. त्यांनी या सडपातळ, मोठ्या डोळ्यांच्या मुलाला ध्वनिक्षेपकासमोर बसवले. निकी जाहिरातीचा मजकूर मुकाट्याने वाचणाऱ्यांपैकी नव्हते. वाचता वाचता ते त्याची टर उडवीत आणि श्रोते ती जाहिरात कान देऊन ऐकत. केनेडी याच शाळेत शिकला. १९५६ साली निकींचे निधन झाले आणि शिष्य एकटा उरला.

त्याच वर्षी ऑस्ट्रेलियात दूरदर्शन आले. ६ मे १९५७ रोजी जीटीव्ही-नाइन या मेलबर्नच्या वाहिनीवर 'इन मेलबर्न टुनाइट' हा रात्रीचा कार्यक्रम सुरू झाला आणि निर्माते नॉर्म स्पेन्सर यांनी तो तेवीस वर्षांच्या केनेडीच्या हाती सोपवला. गाणी, प्रहसने, गप्पा, स्पर्धा आणि जाहिराती असा तो सगळा संसार होता. बहुतेक मजकूर तिथल्या तिथे सुचलेला आणि चुकले तर झाकायला पडदा नाही. १९६९ अखेरपर्यंत केनेडीने हा गाडा ओढला. त्या देशाच्या दूरदर्शन पारितोषिकांना 'लोगी' हे नाव त्यानेच सुचवले. दूरदर्शनचे एक आद्य संशोधक जॉन लोगी बेअर्ड यांची ती आठवण होती.

त्याच्या विनोदाचे मर्म कशात होते? केनेडी हा गोष्टी सांगणारा विनोदकार नव्हता. त्याचा विनोद प्रसंगातून उपजे आणि त्याचे सर्वांत आवडते लक्ष्य म्हणजे समोर ठेवलेला विक्रीचा माल. मिनिटभराची जाहिरात तो ओढून ताणून कितीतरी लांबवी. मालाच्या डब्याशी झटापट करी, लिहून दिलेल्या स्तुतीवर भुवई उंचावी आणि आपण हे पैशासाठी करीत आहोत हे प्रेक्षकाच्या कानात सांगितल्यासारखे कॅमेऱ्याला सांगे. पैसे देऊन आपलीच थट्टा विकत घ्यायची ही कल्पना व्यापाऱ्यांनाही पुढे मानवली, कारण लोक त्या जाहिरातीची वाट पाहू लागले. दुसरे लक्ष्य तो स्वतःच होता. बाहेर आलेले डोळे, गबाळी घाबरट मुद्रा, फजितीतून निसटण्याची धडपड या सर्वांचे त्याने भांडवल केले. आपल्यालाच हास्यास्पद करून घेणाऱ्या माणसाला दुसऱ्याची थट्टा करण्याचा थोडा अधिकार मिळतो, हे जुनेच सत्य त्याने नव्या यंत्रासमोर सिद्ध केले.

या यशात बर्ट न्यूटन याचा वाटा मोठा आहे. १९५९ साली तो कार्यक्रमात आला. मेलबर्नच्या फिट्झरॉय भागात वाढलेला, मारिस्ट ब्रदर्सच्या शाळेत शिकलेला हा कॅथलिक मुलगा लहानपणी धर्मगुरू होण्याची स्वप्ने पाहत असे. वेदीऐवजी तो रंगमंचावर आला, परंतु श्रद्धा त्याने सोडली नाही. २०२१ मध्ये त्याचे निधन झाले तेव्हा मेलबर्नच्या सेंट पॅट्रिक कॅथीड्रलमध्ये त्याचा शासकीय इतमामाने अंत्यविधी झाला. केनेडी उधळलेला घोडा आणि न्यूटन लगाम धरणारा. पण लगाम इतका सैल की घोड्याला तो जाणवू नये. दुसऱ्याला हशा मिळावा म्हणून आपण सरळ चेहऱ्याने उभे राहायचे, ही एक प्रकारची नम्रताच आहे आणि न्यूटनने ती वर्षानुवर्षे पाळली.

ही भलावण करीत असता केनेडीचे दोष झाकणे मात्र योग्य नव्हे. द्वयर्थी बोलणे हा त्याच्या विनोदातील कच्चा धागा होता. १९७७ मध्ये सुरू झालेल्या 'ब्लँकेटी ब्लँक्स' या खेळात वाक्यातील गाळलेली जागा भरायची असे आणि ती कशाने भरली जाणार हे प्रेक्षकांना आधीच ठाऊक असे. कार्यक्रम अफाट लोकप्रिय झाला. परंतु ज्या वेळी घरातील मुले आणि वडीलधारी एकत्र बसतात, त्या वेळी एकाच प्रकारची सूचकता पुन्हा पुन्हा वापरणे हे प्रतिभेचे लक्षण नव्हे, सवयीचे आहे. जाहिरातीची टर उडवणारा केनेडी प्रेक्षकाला शहाणे करीत होता; गाळलेल्या जागा भरणारा केनेडी त्याला नुसतेच गुदगुल्या करीत होता.

आता पुन्हा त्या कावळ्याकडे येऊ. काव अशिष्ट होती यात वाद नाही. सायंकाळभर घरात पाहुणा म्हणून येणाऱ्याने यजमानाच्या मुलांचे भान ठेवले पाहिजे. परंतु पुढे जे घडले ते अधिक विचार करायला लावते. शिक्षेमुळे कार्यक्रम आधी मुद्रित होऊ लागला आणि मुद्रित झालेल्या गोष्टीला कात्री लावता येते. अवघ्या काही आठवड्यांनी, एप्रिल १९७५ मध्ये, केनेडीने प्रसारमाध्यम खात्याचे मंत्री सिनेटर डग मॅक्लेलंड यांच्यावर टीका केली. ऑस्ट्रेलियन कार्यक्रमांना आणि कलावंतांना पुरेसे संरक्षण मिळत नाही, असे त्याचे म्हणणे होते. वाहिनीने तो भाग कापून टाकला. केनेडी वाहिनी सोडून बाहेर पडला.

या दोन घटना एकत्र वाचल्या पाहिजेत. असभ्य शब्दाला आवर घालण्यासाठी जे दार बसवले, त्याच दाराआड कलावंताचे एक गंभीर मत कोंडले गेले. तरीही लोकांच्या स्मरणात राहिला तो कावळा. मंत्र्यांवरची टीका विस्मरणात गेली. केनेडीचाही यात दोष आहे. ज्याच्या शब्दाला वजन हवे, त्याने आपली पत एका हशासाठी उधळू नये. मार्चमध्ये त्याने जे गमावले, त्याची किंमत त्याला एप्रिलमध्ये मोजावी लागली.

पुढे त्याने चित्रपटांत गंभीर भूमिका केल्या. 'द ऑड अँग्री शॉट' (१९७९) मधील व्हिएतनाम युद्धातला थकलेला, कडवट सैनिक पाहिला म्हणजे या विदूषकाच्या आत किती निश्चल दुःख होते ते उमगते. १९८८-८९ मध्ये त्याने रात्री उशिराच्या बातम्यांचा एक विक्षिप्त कार्यक्रम केला आणि १९९१ नंतर तो न्यू साउथ वेल्सच्या डोंगराळ भागात एकांतात राहिला. खाजगी जीवन त्याने आयुष्यभर झाकून ठेवले. तेथे डोकावण्याचे टीकाकाराला कारण नाही. २५ मे २००५ रोजी बाऊरल येथे तो वारला.

विनोदाच्या मर्यादेविषयी आपल्या धर्मपरंपरेने फार पूर्वी विचार केला आहे. संत पौल इफिसकरांस लिहिलेल्या पत्रात अमंगळ व बाष्कळ बोलण्यापासून दूर राहण्यास सांगतात. त्याच परंपरेतील संत थॉमस अक्वायनस विनोदबुद्धीला सद्गुण मानतात. मनाला विसावा हवा, आणि जो स्वतः कधी हसत नाही व दुसऱ्याच्या हसण्यातही विरजण घालतो तोही चुकतोच, असे ते सांगतात. मात्र त्यांच्या अटी आहेत. विनोद अश्लील नसावा, दुखावणारा नसावा, मनाचा तोल ढळू देणारा नसावा आणि व्यक्ती, स्थळ, काळ यांना शोभणारा असावा. आपण पहिली अट तेवढी लक्षात ठेवतो. दुसरीचे काय?

दुसरीचे उत्तर केनेडीच्याच देशाने पुढे दिले, आणि ते आपल्या फार जवळ येऊन पोहोचले. डिसेंबर २०१२ मध्ये सिडनीच्या टू-डे एफएम या केंद्रावरील दोन निवेदकांनी इंग्लंडची राणी आणि राजपुत्र असल्याची बतावणी करून लंडनच्या एका रुग्णालयात फोन केला. तेथे एक राजस्नुषा उपचार घेत होती. फोन उचलणारी परिचारिका कर्नाटकाच्या किनाऱ्यावरील कॅथलिक समाजातली होती. पहाटेची वेळ, तिने विश्वासाने फोन पुढे जोडून दिला. संभाषण मुद्रित झाले आणि ज्यांचे ते होते त्यांची संमती न घेता जगाला ऐकवले गेले. त्यात एकही असभ्य शब्द नव्हता. तीन दिवसांनी ती मृतावस्थेत आढळली. लंडन येथील चौकशीत २०१४ साली ती आत्महत्या असल्याचा निर्णय झाला. एवढ्या मोठ्या दुःखाची सारी कारणे एका फोनात शोधणे उथळपणाचे होईल. त्या निवेदकांनीही जाहीर पश्चात्ताप व्यक्त केला. तरीही त्या थट्टेचे मोजमाप टाळता येत नाही. केनेडीने टर उडवली ती व्यापाऱ्याची, मंत्र्याची आणि स्वतःची. त्यांना उलट बोलण्याची सोय होती. येथे थट्टेचा कच्चा माल होती रात्रपाळी करणारी, परदेशात राबणारी, दुसऱ्याच्या शब्दावर भरवसा ठेवणारी एक बाई.

बर्ट न्यूटनचाही एक प्रसंग येथे आठवतो. १९७९ च्या लोगी समारंभात मुष्टियोद्धा महंमद अली पाहुणा होता. त्या काळी तेथे प्रचलित असलेले 'हा पोरगा मला आवडतो' अशा अर्थाचे वाक्य न्यूटन कौतुकाने बोलून गेला. अमेरिकेत गौरेतरांना 'पोरगा' म्हणणे म्हणजे गुलामगिरीच्या जखमेवर बोट ठेवणे, हे त्याला ठाऊक नव्हते. अलीचा चेहरा बदलताच तो गडबडला आणि भर सभेत त्याने क्षमा मागितली. घाव अजाणता झाला होता. समोरचा माणूस समोरच होता, म्हणून तो दिसला आणि लगेच त्यावर फुंकर घालता आली. फोनच्या दुसऱ्या टोकाला असलेल्या माणसाचा चेहरा दिसत नाही.

केनेडीच्या कारकिर्दीचा निवाडा करताना त्याची काव माफ करावी, असे मला म्हणायचे नाही. ती चूकच होती. परंतु तराजूच्या दुसऱ्या पारड्यात काय पडते तेही पाहावे. जीभ घसरल्याचा डाग धुता येतो. दुर्बलाला हसण्याचा डाग सहज जात नाही. आपल्या घरातील दिवाणखान्यात, ग्रामसणाच्या रंगमंचावर आणि मुलांच्या हातातील यंत्रावर रोज जो हशा पिकतो, तो ऐकताना शब्द कोणता होता एवढेच विचारून थांबू नये. त्या हशाच्या वेळी कोण गप्प बसले होते, हेही विचारावे.