निर्माता दादासाहेब फाळके : कारागिरी, भांडवल आणि मालकी

प्रस्तावना

धुंडिराज गोविंद फाळके (१८७०–१९४४) यांच्याविषयी मराठीत विपुल लेखन झाले आहे. 'भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक' या बिरुदामुळे त्यांच्यातील दिग्दर्शकाचा आणि ध्येयवेड्या कलावंताचा गौरव वारंवार होतो. फाळके हे निर्मातेही होते, म्हणजे पैसा उभा करणारे, माणसे पोसणारे आणि तयार माल बाजारात नेणारे उद्योजक होते. ही बाजू मात्र बहुधा त्यागाच्या कथेत विरून जाते. पत्नीचे दागिने, गहाण पडलेली विमा पॉलिसी आणि उतारवयातील विपन्नावस्था हे तपशील करुणरसाच्या परिपोषासाठी सांगितले जातात. त्यांची आर्थिक मीमांसा क्वचितच होते. फाळके यांच्या निर्माता या भूमिकेची चिकित्सा करून त्यांच्या यशापयशाची कारणे स्वभावात शोधावीत की व्यवसायाच्या रचनेत, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

घडण : छापखान्यातून पडद्याकडे

त्र्यंबकेश्वर येथे ३० एप्रिल १८७० रोजी जन्मलेल्या फाळके यांचे शिक्षण मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात झाले. छायाचित्रण, पुरातत्त्व खात्यातील आरेखन आणि चित्रमुद्रण असे व्यवसाय त्यांनी क्रमाने केले. १९०५ नंतरच्या स्वदेशीच्या वातावरणात त्यांनी सरकारी नोकरी सोडली व मुद्रणात जम बसवला. १९०९ मध्ये ते यंत्रविद्येच्या अभ्यासासाठी जर्मनीला जाऊन आले. पुढे भागीदारांशी मतभेद होऊन त्यांना हा चालता व्यवसाय सोडावा लागला. हा तपशील महत्त्वाचा आहे. कौशल्य एकाचे आणि पैसा दुसऱ्याचा, ही विषम भागीदारी त्यांच्या आयुष्यात चित्रपटापूर्वीच सुरू झाली होती.

मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहिल्यावर त्यांना राम-कृष्णांच्या पडद्यावरील अवताराची कल्पना सुचली, हे सर्वश्रुत आहे. निर्माता म्हणून त्यांनी पुढे जे केले ते अधिक लक्षणीय ठरते. विमा पॉलिसी तारण ठेवून १९१२ च्या आरंभी ते लंडनला गेले आणि विल्यमसन कॅमेरा घेऊन परतले. त्यानंतर त्यांनी थेट पौराणिक कथेला हात न घालता रोप उगवण्याची क्रिया टिपणारा एक लघुपट तयार केला. सावकाराचा विश्वास मिळाला तो याच लघुपटामुळे. तारण देण्यासारखे फारसे काही नसलेल्या माणसाने आपली कारागिरीच तारण म्हणून पुढे केली, असे येथे म्हणता येते.

घर हाच कारखाना

'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन चित्रगृहात लोकांसाठी प्रदर्शित झाला. फाळके यांच्याच सांगण्यानुसार त्याच्या निर्मितीस सहा महिने सत्तावीस दिवस लागले. चित्रफितीला भोके पाडणे, रसायने कालवणे, फिल्म धुणे आणि सर्व मंडळींचा स्वयंपाक ही कामे सरस्वतीबाई फाळके यांनी केली. स्त्रिया काम करण्यास तयार नसल्याने अण्णा साळुंके तारामती झाले. नाटक-तमाशाविषयीच्या लोकापवादापासून बचाव व्हावा म्हणून आपण 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत' कामाला आहोत असे बाहेर सांगावे, अशी सूचना नटांना होती असे सांगितले जाते. परेश मोकाशी यांच्या २००९ च्या चित्रपटाला शीर्षक मिळाले ते या शब्दावरूनच.

हा 'फॅक्टरी' शब्द केवळ पांघरूण नव्हता. पगारी नोकर, ठरलेले काम आणि कच्च्या फिल्मपासून तयार रिळापर्यंतची प्रत्येक प्रक्रिया एका छताखाली, अशी व्यवस्था तेथे खरोखरच होती. मात्र तिचा बराच भार बिनपगारी कौटुंबिक श्रमावर होता. सरस्वतीबाईंचे श्रम कोणत्याही हिशेबात भांडवल म्हणून नोंदले गेले नाहीत. त्यामुळे चित्रपट स्वस्तात तयार झाला खरा, पण खरा निर्मितिखर्च किती हे कधीच स्पष्ट झाले नाही. १९१३ मध्येच फाळके यांनी हे बिऱ्हाड नाशिकला हलवले. तेथे तयार झालेल्या 'मोहिनी भस्मासुर' मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी भूमिका केल्या.

फ्रान्समधील समांतर उदाहरण

फाळके यांची तुलना फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएस यांच्याशी अनेकदा केली जाते. दोघेही पडद्यावरील चमत्काराचे कारागीर होते आणि दोघांनाही जादूच्या प्रयोगांची आवड होती. तथापि खरे साम्य त्यांच्या आर्थिक वाटचालीत आहे. मेलिएस यांनी पॅरिसजवळ माँत्रय येथे स्वतःचा स्टुडिओ उभारून सुमारे ५०० चित्रपट केले. त्यांचा व्यवहार प्रती विकण्याचा होता. याउलट शार्ल पाथे यांनी १९०७ च्या सुमारास प्रती विकणे थांबवून त्या भाड्याने देण्यास सुरुवात केली. चित्रपट हा एकदाच विकायचा माल नसून पुनःपुन्हा उत्पन्न देणारी मालमत्ता आहे, हे पाथे यांनी ओळखले. पुढे मेलिएस यांना पाथे यांच्याकडूनच आपली मिळकत तारण ठेवून पैसा घ्यावा लागला, आणि १९१३ च्या सुमारास, म्हणजे फाळके यांचा पहिला चित्रपट झळकत असताना, त्यांची निर्मिती थांबली. उतारवयात ते माँपार्नास स्थानकावर खेळणी विकत होते.

भारतात पाथे यांच्या दृष्टीशी जवळीक दिसते ती जे. एफ. मादन यांची. १९०२ मध्ये कलकत्त्याच्या मैदानावर तंबूत खेळ सुरू करणाऱ्या मादन यांच्या संस्थेकडे विसाच्या दशकाअखेर शंभराहून अधिक चित्रगृहे होती. फाळके यांच्याकडे कॅमेरा होता, प्रयोगशाळा होती, नटसंच होता. चित्रगृहांची साखळी नव्हती.

कंपनी आणि कलह

१९१४ मध्ये फाळके पुन्हा लंडनला गेले. परतल्यावर महायुद्धाने कर्जाचे मार्ग आखडले. या ओढाताणीतही 'लंकादहन' (१९१७) ने मोठी गर्दी खेचली. साळुंके यांनी त्यात राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. १९१७-१८ मध्ये 'नवयुग' मासिकातील लेखमालेतून फाळके यांनी आपल्या धंद्याची कैफियत वाचकांपुढे मांडली. १९१८ मध्ये मुंबईच्या कापडव्यवसायाशी संबंधित धनिकांच्या सहभागाने 'हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी' स्थापन झाली. 'श्रीकृष्णजन्म' (१९१८) आणि कन्या मंदाकिनीची भूमिका असलेला 'कालियामर्दन' (१९१९) ही या काळातील फळे होत.

भागीदारांशी खटके उडाल्याने लवकरच फाळके कंपनी सोडून काशीला गेले आणि 'रंगभूमि' हे नाटक लिहून १९२२ च्या सुमारास परतले. या प्रसंगाचे वर्णन 'कलावंताला न समजणारे शेठ' असे केले जाते. ते एकांगी आहे. पैसा गुंतवणाऱ्याने हिशेब मागणे गैर नव्हते. कौटुंबिक कारखान्याच्या सवयीने चालणाऱ्या फाळके यांना मर्यादित अधिकारांचा व्यवस्थापक होणे मानवले नाही. परंतु चित्रपट ज्याच्या हातून घडतो त्याला मालकीत निर्णायक स्थान नाही, हा त्या रचनेतील दोषही तितकाच खरा होता.

हा प्रश्न राळेगावसारख्या कापूसपट्ट्यातील वाचकाला परका वाटू नये. मुंबईच्या ज्या कापडव्यवहारातून चित्रपटाला भांडवल मिळाले, त्या व्यवहाराला कापूस पुरवणाऱ्या मुलखांत वऱ्हाड-यवतमाळचा समावेश होता. पिकवणाऱ्याच्या हाती पीक असते, पण भाव, साठवण आणि बाजार दुसऱ्याच्या हाती असतात. फाळके यांची अवस्था याहून फारशी निराळी नव्हती.

बोलपट आणि अस्त

१४ मार्च १९३१ रोजी 'आलम आरा' प्रदर्शित झाला. फाळके यांचा 'सेतुबंधन' (१९३२) मूकपट म्हणून तयार झाला व त्याला ध्वनीची जोड नंतर द्यावी लागली. याच वर्षी 'प्रभात' ने 'अयोध्येचा राजा' हा बोलपट आणला. कथा हरिश्चंद्राचीच होती; बदलली होती ती निर्मितीची पद्धत. १९२९ मध्ये कोल्हापुरात स्थापन झालेल्या प्रभातमध्ये व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर हे तंत्रज्ञ स्वतःच भागीदार होते आणि सीतारामपंत कुलकर्णी यांचे भांडवल त्यांच्या जोडीला होते. मालकी आणि कारागिरी येथे एकत्र आली. फाळके यांनी कोल्हापूर सिनेटोनसाठी 'गंगावतरण' (१९३७) हा एकमेव बोलपट केला, तो दुसऱ्याच्या संस्थेत. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले.

समारोप

फाळके यांचे अपयश केवळ हट्टी स्वभावाचे किंवा कृतघ्न काळाचे फळ नव्हते. निर्मिती, वितरण आणि प्रदर्शन या तीन अंगांपैकी पहिल्यावरच त्यांचे प्रभुत्व होते. उरलेल्या दोहोंत साचणारा नफा त्यांच्या पुढील चित्रपटाचे भांडवल होऊ शकला नाही. म्हणून प्रत्येक चित्रपटासाठी त्यांना नव्याने तारण शोधावे लागले. १९६९ पासून त्यांच्या नावाने शासकीय पुरस्कार दिला जातो, ही कृतज्ञता उचितच आहे. परंतु त्यागाच्या गौरवापाशी थांबणारी समीक्षा एका मूलभूत प्रश्नाला बगल देते. घडवणाऱ्याच्या हाती मालकी नसेल, तर त्याच्या त्यागाने उभा राहिलेला उद्योग अखेर कोणाचा? फाळके यांचे चरित्र निर्माता या दृष्टीने वाचल्यास हा प्रश्न टाळता येत नाही, आणि त्यातच या चरित्राची आजची प्रस्तुतता आहे.