संरक्षित खेडे आणि पुसलेले गाव : मिल्टन अ‍ॅबसचा विचार

इंग्लंडच्या डॉर्सेट परगण्यातील मिल्टन अ‍ॅबस हे खेडे ऐतिहासिक वास्तूंच्या संरक्षणाचे एक यशस्वी उदाहरण मानले जाते. उतरत्या रस्त्याच्या दोन्ही बाजूंना शाकारलेली, पांढऱ्या भिंतींची, जवळजवळ एकसारखी ३६ जोडघरे, त्यांच्यापुढे हिरवळीचा सलग पट्टा, मध्यावर १७८६ चे सेंट जेम्सचे चर्च आणि त्यासमोर धर्मादाय निवासाची विटांची इमारत असे त्याचे रूप आहे. हे दृश्य पाहणाऱ्यास ते प्राचीन काळापासून आपोआप घडत आलेले वाटते. वस्तुतः ते तसे नाही. ही घरे एका मालकाने एका आराखड्यानुसार, १७८० च्या आसपासच्या थोड्या वर्षांत बांधविली. आणि ती बांधण्याचे कारण असे की, त्याला दुसरे एक गाव पाडावयाचे होते. संरक्षणाच्या कल्पनेची खरी परीक्षा येथे होते.

पाडलेल्या गावाचे नाव मिडलटन. दहाव्या शतकात राजा अ‍ॅथेलस्टनने स्थापिलेल्या मठाच्या आश्रयाने ते वाढले. त्यात शंभरावर घरे, बाजार, पांथस्थांसाठी खानावळी व एक ग्रामर स्कूल होते. १५३९ मध्ये मठ विसर्जित झाला. पण गाव राहिले. १७५२ मध्ये ही मालमत्ता जोसेफ डेमर याने विकत घेतली. हा पुढे लॉर्ड मिल्टन आणि १७९२ मध्ये अर्ल ऑफ डॉर्चेस्टर झाला. मठाच्या जागी विल्यम चेंबर्सकडून त्याने नवी हवेली उभारविली, आणि सभोवतालच्या खोऱ्याला उद्यानाचे रूप देण्याचे काम लॅन्सलॉट ब्राउन या ख्यातनाम उद्यानकाराकडे सोपविले. हवेलीच्या खिडकीतून गाव दिसत होते. ते दिसू नये, एवढाच गावाचा अपराध. भाडेपट्टे संपतील तसतशी घरे ताब्यात घेऊन जमीनदोस्त करण्यात आली. एका वकिलाने आपला पट्टा सोडण्याचे नाकारले, तेव्हा तळ्याचे पाणी सोडून त्याचे घर बुडविण्याचा प्रयत्न झाला व वकिलाने दावा जिंकला, अशी कथा सांगितली जाते. शाळा १७८५ मध्ये संसदेच्या कायद्याने ब्लॅन्डफर्ड येथे हलविली गेली. १६७४ चे धर्मादाय निवास मात्र उचलून नव्या रस्त्यावर आणून बसविण्यात आले. दान देणाऱ्या पूर्वजांचा मान राखण्याची ही रीत विलक्षणच म्हणावी लागेल!

आता संरक्षणाच्या कायद्याकडे वळावे. ब्रिटनमधील १८८२ चा पहिला कायदा मुख्यतः प्रागैतिहासिक अवशेषांपुरता होता. १९१३ च्या कायद्याने सरकारचा अधिकार वाढविला. परंतु लोक राहत असलेली घरे आणि वापरातील चर्चे त्याने बाहेरच ठेवली. (लिंकनशायरमधील टॅटरशॉल या गावचा किल्ला १९११ मध्ये विकत घेऊन कर्झनने या कायद्यामागील जनमताला चालना दिली, हिंदुस्थानात त्याने १९०४ मध्येच असा कायदा केला होता.) सामान्य कुटुंबाच्या घराला सर्वत्र व पद्धतशीरपणे सूचीत घेण्याची व्यवस्था १९४४ व १९४७ च्या नगररचना कायद्यांनी केली. पहिली, दुसरी-तारांकित व दुसरी अशा तीन श्रेणींची ही व्यवस्था आजही चालू असून सूचीतील नव्वद टक्क्यांहून अधिक नोंदी शेवटच्या श्रेणीतील आहेत. मिल्टन अ‍ॅबसची घरे त्याच श्रेणीत येतात. मठाचे चर्च व हवेली पहिल्या. डेमरच्या काळची उतरंड श्रेणींच्या भाषेत जशीच्या तशी उतरली आहे, हे अभ्यासकाच्या नजरेतून सुटू नये.

सूचीचा निकष 'विशेष वास्तुशास्त्रीय अथवा ऐतिहासिक महत्त्व' हा आहे. यातील 'अथवा' हा शब्द मोलाचा. पण व्यवहारात पहिल्या विशेषणाने दुसऱ्याला झाकून टाकले. १७०० पूर्वीची, मूळ स्वरूपात टिकलेली बहुतेक सर्व घरे व १७०० ते १८५० या काळातील पुष्कळशी घरे सूचीत येतात. वय आणि अवशिष्ट द्रव्य यांना हा निकष नेमकेपणाने पकडतो. मात्र जे उभे आहे त्याचीच नोंद होऊ शकते. उभे असलेले ज्याच्या बदल्यात उभे राहिले, त्यासाठी सूचीत रकाना नाही. सुरुवातीच्या नोंदी तर वास्तूची ओळख पटावी एवढ्यापुरत्या, दोनचार ओळींच्या असत. छप्पर, मजले, खिडक्यांची संख्या. अशा गद्यात अन्याय मावत नाही. जमिनीखालील अवशेषांचा विचार करणारा १९७९ चा कायदा वेगळा व त्याची यादीही वेगळी. त्यामुळे एकाच घटनेचे दोन अर्धे दोन दप्तरांत विभागले जातात.

या बाबतीत ऐतिहासिक स्मारकांच्या राजकीय आयोगाने १९७० मध्ये प्रसिद्ध केलेला मध्य डॉर्सेटचा ग्रंथ अधिक श्रेयस्कर ठरतो. १९०८ मध्ये स्थापन झालेल्या या आयोगाची कालमर्यादा मुळात १७०० पर्यंतच होती; ती पुढे १८५० पर्यंत वाढली, म्हणूनच डेमरची घरे त्याच्या कक्षेत आली. जुन्या इस्टेटीच्या नकाशाचा आधार घेऊन आयोगाने लुप्त गावाची रचना पुन्हा मांडली आणि उद्यानातील मातीचे उंचवटे इमारतींच्या बरोबरीने नोंदविले. न्यूमन व पेव्हस्नर यांचा १९७२ चा डॉर्सेट-खंड वाचनीय अधिक. पण त्या मालेची आधी चर्च, मग मोठी वास्तू, शेवटी रस्त्याने फेरफटका ही ठराविक चाल दिसणाऱ्या गोष्टींच्या मागे जाते. आयोगाचे गद्य रुक्ष आहे. तरीही गाव पुसले गेले हे त्यातूनच कळते.

याचा अर्थ संरक्षण निरर्थक, असा मुळीच नव्हे. ही घरे कॉबची आहेत: माती, चुनखडी व पेंढा तुडवून केलेल्या गाऱ्याची. अशा भिंतीला वरून चांगले छप्पर व खाली कोरडा पाया असला, तर ती शतके टिकते. छप्पर गळू लागले की विरघळते. वर सिमेंटचा गिलावा केला तर ओलावा आत कोंडतो व भिंत आतून फुगते. म्हणून चुन्याचाच गिलावा हवा, हा आग्रह कलात्मक छंद नाही. तो बांधकामाच्या ज्ञानातून आलेला आहे. कायदा नसता तर यांतील कित्येक घरे विसाव्या शतकात नाहीशी झाली असती, असे मानण्यास जागा आहे.

अडचण निराळी आहे. सूचीतील घराच्या वैशिष्ट्याला बाध आणणाऱ्या फेरफाराला परवानगी लागते. मिल्टन अ‍ॅबसच्या रस्त्याचे वैशिष्ट्य त्याचा सारखेपणा. आणि तो सारखेपणा रहिवाशांच्या गरजेतून उपजलेला नसून धन्याच्या दृष्टिसुखातून आला. मूळ रचनेत मध्ये एक सामाईक दार आणि त्याच्या दोन्ही अंगांना दोन कुटुंबे होती. दर्शनी भागात कोणी ओसरी काढू नये, कोणाचे छप्पर वेगळे दिसू नये, ही अठराव्या शतकातील इच्छा आज नियोजन-अधिकाऱ्याच्या हाती सार्वजनिक हित म्हणून आली आहे. जमीनदार गेला; त्याची नजर शासनाने वारशाने घेतली. हे विधान कठोर वाटेल. पण ते खोडून काढावयाचे तर रहिवाशाने केलेला बदलही इतिहासच आहे, हे संरक्षकांनी प्रत्यक्ष निर्णयांत दाखवावे लागेल. विल्यम मॉरिसने १८७७ मध्ये संस्था स्थापिली, ती जुन्या इमारतींवर मागाहून चढलेले थर खरवडून त्यांना 'मूळ' रूपात आणण्याविरुद्धच. त्याच्या वारसदारांनी हे सहज ओळखावे, अशी अपेक्षा चुकीची नाही.

जुन्या गावातील ग्रीन वॉक नावाचे एक घर तेवढे उद्यानात शिल्लक राहिले. हवेलीत १९५४ पासून शाळा भरते. २०१६ पासून इंग्लंडच्या सूचीतील नोंदींना कोणाही नागरिकाला छायाचित्रे व माहिती जोडता येते. मिडलटनचा वृत्तान्त नव्या गावातील प्रत्येक घराच्या नोंदीखाली आता कोणीही लिहू शकेल. परंतु अशी पुरवणी अधिकृत नोंदीचा भाग होत नाही, आणि परवानगीचा अर्ज आला असता अधिकाऱ्यापुढे येणारा अधिकृत मजकूर पूर्वीचाच राहतो.