नावाचा अर्थ आणि नावाचे गाव

आमचा मुलगा व सून नोकरीनिमित्त आयर्लंडमधील वॉटरफोर्ड शहरी राहतात. नातवाच्या जन्मानंतर आम्ही उभयता लोदहून त्यांच्याकडे काही महिने राहून आलो. बाळाचे नाव पणजोबांवरून यहेज्केल ठेवायचे, यावर घरात एकमत होते. वाद निघाला तो आडनावावरून. मुलगा म्हणाला, “पप्पा, अष्टमकरमधले ‘कर’ आता ठेवायलाच हवे का? इथे ते कुणाला उच्चारता येत नाही, आणि तिकडे शाळेत मला ‘थंड’ म्हणून चिडवायचे.” हिब्रूत ‘कर’ म्हणजे थंड, हे वाचकांना सांगायला नको. इस्राएलमध्ये वाढलेल्या आपल्या बहुतेक मुलांनी ही थट्टा ऐकलेली आहे.

उत्तरासाठी आम्ही दोन पुस्तके उघडली. एक आपल्या घराघरांत नावाने ठाऊक असलेले, हाईम सॅम्युएल केहिमकर यांचे बेने इस्राएलांच्या इतिहासावरील इंग्रजी पुस्तक. ते 1897 साली लिहून झाले आणि लेखकाच्या पश्चात 1937 साली तेल अवीवमध्ये छापले गेले. दुसरे एडवर्ड मॅकलायसॅट यांचे ‘आयरिश फॅमिलीज’, 1957 सालचे, आयरिश घराण्यांच्या आडनावांवरचे. दोन्ही शेजारी ठेवून वाचताना आपल्याकडील उणीव आम्हांला प्रथमच स्पष्ट दिसली.

केहिमकरांचे ऋण फेडता येण्यासारखे नाही. त्यांच्याशिवाय आपल्या कितीतरी चालीरीती कागदावर आल्याच नसत्या. पण त्यांना त्या काळी एक गोष्ट जगापुढे सिद्ध करायची होती : आपले पूर्वज फार प्राचीन काळी गालीलातून निघाले आणि कोकणच्या किनाऱ्याला लागले. त्यामुळे नावांकडे त्यांची नजर पुराव्यासारखी वळते. ‘जी’ लागलेल्या मराठमोळ्या नावाखाली इब्री नाव सापडले, की त्यांचे काम झाले. त्यांच्यानंतर आपल्यात नावांविषयी जे लिहिले जाते, तेही बहुधा याच वाटेने जाते : पहिल्या नावाचा इब्री अर्थ द्यायचा, आणि आडनावापुढे गावाचे नाव लिहून थांबायचे.

एवढ्याने भागत नाही. 1796 साली मुंबईत आपली पहिली मशीद, शआर हारहमीम, बांधणारे सामाजी हसाजी दिवेकर यांचेच नाव घ्या. सामाजी म्हणजे शमुएल, हसाजी म्हणजे यहेज्केल. यहेज्केलचा अर्थ ‘देव बळ देईल’. अर्थ बरोबर आहे, पण हसाजी या रूपाविषयी तो काहीच सांगत नाही. त्यातला ‘जी’ हा इब्री नव्हे. तो शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या तोंडचा मान आहे. आणि दिवेकर हे आडनाव तर हिंदूंतही आहे. ‘कर’ने आपण इस्राएल ठरत नाही. ‘कर’ने आपण त्या गावच्या हिंदूंचे, मुसलमानांचे गाववाले ठरतो. मुंबईने या गृहस्थांची आठवण ठेवली ती मात्र ‘सॅम्युएल स्ट्रीट’ म्हणून. सामाजी मागे पडले, दिवेकरही मागे पडले.

असेच पुढे चालू राहिले. वरळीच्या डॉ. ई. मोझेस मार्गावरून रोज हजारो माणसे जातात. हे 1937-38 साली मुंबईचे महापौर झालेले डॉ. एलायजा मोझेस राजपूरकर. पाटीवर राजपूरकर नाही. चित्रपटातले डेव्हिड हे डेव्हिड अब्राहाम चेऊलकर. पडद्यावर चेऊलकर नाही. राजपुरी गेली, चौल गेले. यात दोष कुणाचा नाही. पण ‘मोझेस’चा अर्थ सांगणारी पुस्तके खंडीभर आहेत, आणि राजपुरीहून कोण, केव्हा, कशासाठी निघाले हे सांगणारे पुस्तक नाही.

मॅकलायसॅट हाच प्रश्न विचारतात. नाव कोणी दिले, कोणी बदलले, कोणी टाकले, हे ते घराण्यागणिक नोंदवतात. वॉटरफोर्डचीच आडनावे पाहा. फेलन हे ओ फेलॉइन, म्हणजे फेलॉनचे वंशज. मुळात अर्थ लांडग्याशी जोडलेला. वॉल्श हे आयरिशमध्ये ब्रॅनाख, म्हणजे वेल्सकडून आलेला. हे नाव माणसाने स्वतः घेतलेले नसून शेजाऱ्यांनी दिलेले आहे. वाचताना आम्हांला आपले ‘शनिवार तेली’ आठवले. या परगण्यात सर्वत्र भेटणारे पॉवर हे मूळचे नॉर्मन ‘ल पोएर’, म्हणजे गरीब. आयरिशमध्ये त्याचे ‘दे पॉर’ झाले, जणू पॉर नावाचे एखादे गावच होते! बायकांच्या नावांचीही तिथे निराळी तऱ्हा आहे. ओ फेलॉइनची मुलगी ‘नी’ लावते आणि सून ‘ई’. नावावरूनच माहेरवाशीण की सासुरवाशीण ते कळते.

आणखी एक गोष्ट मनाला लागली. 1465 साली इंग्रजांच्या कायद्याने डब्लिन व आसपासच्या परगण्यांतील आयरिश लोकांना इंग्रजी आडनाव घेण्याची सक्ती केली : एखाद्या शहराचे, रंगाचे किंवा धंद्याचे. तिथे गावाचे नाव हुकमाने लादले गेले. आपल्याला ते कोणी लादले नाही. अष्टमीत राहणाऱ्याला अष्टमीकरांनी अष्टमकर कशाला म्हणावे? कुंडलिका ओलांडून रोह्याला, पुढे मुंबईला गेल्यावर लोकांनी त्याला त्या नावाने ओळखले. ‘कर’ हा गाव सोडल्याचा दाखला आहे.

पुढे इंग्रजी अमलात अनेक आयरिश घराण्यांनी ‘ओ’ आणि ‘मॅक’ टाकून दिले. मागच्या दीडशे वर्षांत कित्येकांनी ते परत लावले. मॅकलायसॅट स्वतः जन्माने नुसते लायसॅट होते. ‘मॅक’ त्यांनी मागाहून परत घेतले. टाकलेले परत घेता आले, कारण काय टाकले होते ते कुठेतरी लिहून ठेवलेले होते.

हे सारे आम्ही मुलाला सांगितले. त्याने ऐकून घेतले आणि जन्मनोंदणीत अष्टमकर पूर्ण लिहिले. आम्हांला आनंद झाला. मग त्याने विचारले, “पण पप्पा, आपण अष्टमी सोडली केव्हा? आणि का?” आम्हांला उत्तर देता आले नाही. आमच्या आईला ठाऊक असावे. तिला आम्ही कधी विचारले नाही.

म्हणून केहिमकरांचे काम पुढे नेणारा एक आडनावांचा कोश आपल्या समाजाला हवा आहे. त्यात गावाच्या नावाबरोबर गाव सोडल्याची हकिकत हवी : घाणा होता की शेत, पलटणीत भरती झाले की साथीत घर बसले, ‘कर’ कोणी टाकले आणि कोणत्या कागदावर. ही माहिती कोणत्याही ग्रंथालयात मिळायची नाही. ती लोद, अश्दोद, बेएर शेवा, ठाणे आणि अलिबाग येथल्या ऐंशी-नव्वदीच्या आजी-आजोबांपाशी आहे. वाचकहो, येत्या शब्बाथला जेवण आटोपल्यावर त्यांच्यापाशी बसा, विचारा आणि लिहून घ्या. यहेज्केल अष्टमकर मोठा होऊन विचारील तेव्हा त्याला सांगायला निदान दुसऱ्या घरांपाशी तरी उत्तर असू द्या.