चार्नचे प्रतिमादालन : एका कल्पित कालशिल्पाचा विचार

कल्पितसृष्टीच्या साहित्यात भव्य शिल्पांना तोटा नाही. परंतु काळ हाच ज्याचा विषय आहे असे शिल्प त्यात क्वचितच आढळते. सी. एस. लुईस यांच्या 'द मॅजिशियन्स नेफ्यू' (१९५५) या कादंबरीतील चार्न नगरीचे प्रतिमादालन हे असे एक शिल्प आहे. नार्नियाविषयक सात कादंबऱ्यांत ही प्रकाशनक्रमाने सहावी, कथाकालाच्या क्रमाने मात्र पहिली. आज बाजारात मिळणाऱ्या संचांत तिच्यावर पहिला क्रमांक असतो. प्रस्तुत लेखात या दालनातील कालविचार तपासण्याचा प्रयत्न केला आहे.

डिगरी आणि पॉली ही दोन मुले जादूच्या अंगठ्यांच्या योगाने एका मृत जगात येतात. तेथील सूर्य म्हातारा, तांबडा आहे. नगरीत जीवमात्र नाही. राजवाड्याच्या एका दालनात मुकुटधारी स्त्रीपुरुषांच्या शेकडो प्रतिमा रांगेने बसलेल्या आहेत. आरंभीचे चेहरे दयाळू व सुज्ञ. मुले पुढे चालू लागतात तसे चेहरे गंभीर होतात, मग बलिष्ठ आणि गर्विष्ठ, मग क्रूर. त्याही पुढे क्रौर्य तसेच राहते, पण त्यातला आनंद आटतो आणि हताशा उरते. शेवटी एक उंच, देखणी, उग्र स्त्री बसलेली आहे. ती राणी जेडिस.

लेसिंगने 'लाओकून'मध्ये (१७६६) शिल्प हे अवकाशातील वस्तूंचे व काव्य हे काळातील क्रियांचे क्षेत्र मानले. लुईस यांनी ही सीमा साध्या युक्तीने ओलांडली आहे. प्रत्येक प्रतिमा निश्चल आहे; काळ वाहतो तो पाहणाऱ्याच्या पावलांत. जो रांगेत बसला आहे त्याला शेजारच्या आणि आपल्या चेहऱ्यातला फरक दिसत नाही. तो चालत जाणाऱ्या परक्यालाच दिसतो.

हा प्रसंग सामान्यतः नैतिक अधःपाताचे रूपक म्हणून वाचला जातो. ते वाचन चुकीचे नाही, पण अपुरे आहे. जेडिसच्या पलीकडे पुष्कळ आसने रिकामी आहेत, हा तपशील त्यातून निसटतो. दालन बांधणाऱ्यांनी भविष्यही मोजून ठेवले होते. आपला वंश इतका काळ चालणारच, असा तो दगडी हिशेब आहे. माझ्या मते या शिल्पाचा सर्वांत बोलका भाग कोरलेल्या चेहऱ्यांत नसून या रिकाम्या आसनांत आहे.

येथे भासाच्या नावावर असलेल्या 'प्रतिमानाटका'ची आठवण अपरिहार्य आहे. आजोळहून परतणारा भरत अयोध्येबाहेरच्या प्रतिमागृहात पूर्वजांच्या मूर्ती पाहतो. तेथे केवळ दिवंगतांच्याच प्रतिमा बसवतात, हे कळताच दशरथाच्या मूर्तीतून त्याला पित्याच्या मृत्यूची वार्ता मिळते. तेथे प्रतिमा म्हणजे मृत्यूची निःसंदिग्ध साक्ष. चार्नमध्ये हीच खात्री लुईस उलटवतात. जेडिस मेलेली नाही. मंत्रबळाने पूर्वजांच्या प्रतिमांत प्रतिमा होऊन ती निद्रिस्त आहे. भूतकाळाच्या रांगेत वर्तमान दडून बसला आहे. जुन्नरजवळील नाणेघाटात सातवाहन राजकुळातील व्यक्तींची कोरीव नावे उरली आणि आकृती नष्ट झाल्या. चार्नमध्ये आकृती शाबूत आहेत, पण त्या शेकडो पूर्वजांपैकी एकाचेही नाव वाचकाला कळत नाही.

दालनाच्या मध्यभागी एका खांबावर घंटा व हातोडा आहे. घंटा ही एरवी काळ मोजण्याची वस्तू. येथे ती थांबलेला काळ पुन्हा सुरू करते. पॉलीच्या विरोधाला न जुमानता, तिचे मनगट पिरगाळून डिगरी ती वाजवतो. नाद वाढत जातो, छताचा एक भाग कोसळतो, राणी उठते. काळ सुरू होताच काळाचे शिल्प ढासळू लागते, ही कल्पना मला फार मोलाची वाटते. खांबावरील लेखाची आपल्यावर मोहिनी पडली होती, ही सबब डिगरी पुढे अस्लानसमोर स्वतःच मागे घेतो, हेही लक्षणीय आहे.

वर्गात हा भाग शिकवताना एका विद्यार्थिनीने विचारले, "मॅडम, या मूर्ती घडवल्या कोणी?" कादंबरीत याचे उत्तर नाही. राजाच्याच वाड्यात राजाचे क्रौर्य इतके प्रामाणिकपणे कोरणारा कारागीर कोण, आणि त्याचे पुढे काय झाले? चेहरा हा चारित्र्याचा आरसा, असे लुईस गृहीत धरतात. त्यामुळे त्यांना हा प्रश्न पडत नाही आणि कारागीर अदृश्य राहतो.

प्रजेचेही तेच. बहिणीशी चाललेल्या युद्धात पराभव समोर दिसताच जेडिसने एका शब्दाने सारे जीवमात्र संपवले. प्रजा आपली इच्छा पुरवण्यासाठीच होती, असे तिचे समर्थन आहे. हिरोशिमानंतर दहा वर्षांनी आलेल्या या कादंबरीत असा संहारक शब्द माणसालाही सापडू शकेल, हा इशारा अस्लानच्या तोंडी येतो. तो देताना लुईस निश्चितच जेडिसच्या विरोधात उभे आहेत. तरी चार्नचा इतिहास ते तिच्याच दालनातून सांगतात. रिकाम्या आसनांचा उल्लेख करतानाही ती राजवंशासाठीच आहेत, याकडे त्यांचे लक्ष जात नाही; त्या नगरीतील रस्त्यांवर जे राहिले आणि मेले, त्यांच्यासाठी या कालशिल्पात एकही आसन नाही.