जलशाचा वारसा आणि भीमनगर मोहल्ला

संभाजी भगत यांना कोणत्या कप्प्यात बसवावे, हा प्रस्थापित समीक्षेपुढचा पेच आहे. ते शाहीर आहेत, कवी आहेत, संगीतकार आहेत आणि नाटकाची संकल्पना मांडणारेही आहेत. अशा कलावंताला ‘लोककलावंत’ म्हणून गौरवायचे, नाहीतर ‘प्रचारक’ म्हणून बाजूला सारायचे, ही या समीक्षेची जुनी रीत. मला हे दोन्ही शिक्के नामंजूर आहेत. गाणे, फार्स, संवाद आणि भाषण एकाच मंचावर आणणे आमच्याकडे नवे नाही. सत्यशोधक जलशांनी ते केले. पुढे भीमराव कर्डकांसारख्या शाहिरांनी आंबेडकरी जलसा वस्त्यावस्त्यांतून नेला. भगत या परंपरेचे वारस आहेत आणि त्याच कसोटीवर त्यांना तपासले पाहिजे.

‘शिवाजी अंडरग्राऊंड इन भीमनगर मोहल्ला’ हे नाटक २०१२ साली रंगमंचावर आले. संकल्पना, गीते व संगीत भगतांचे, लेखन राजकुमार तांगडे यांचे, दिग्दर्शन नंदू माधव यांचे. यम शिवाजीला न्यायला येतो. पण राजाचे विचार मात्र पृथ्वीवरच राहतात. मग ती पगडी नेमक्या कोणाच्या डोक्याला बसते, याचा शोध सुरू होतो. पुतळा उचलून नेता येतो, विचार नेता येत नाही, हे एवढ्या सोप्या युक्तीने प्रेक्षकाला कळते. तमाशातल्या सवाल-जवाबाला इथे इतिहासाच्या पुराव्याचे काम लावले आहे. हा वाद खानदेशला परका नाही. शिवाजीच्या स्वराज्याचे खरे शत्रू कोण, हा प्रश्न धुळ्याच्या कॉ. शरद पाटलांनी ग्रंथातून रोखठोक विचारला होता. १९८८ साली अब्राह्मणी साहित्याचे सौंदर्यशास्त्रही त्यांनीच मांडले. ग्रंथातला वाद ग्रंथ न वाचणाऱ्यापर्यंत नेणे, हे या नाटकाचे मोठे श्रेय होय.

त्याहून मोलाची गोष्ट म्हणजे यातले अनेक नट जालना जिल्ह्यातले शेतकरी होते. इथे समाज हा कलावंताचा ‘विषय’ उरत नाही, तो स्वतःच कर्ता होतो.

तरीही एक प्रश्न विचारणे भाग आहे. हे नाटक तिकीटबारीवर यशस्वी झाले, याचा आनंद आहेच. पण जलसा वस्तीच्या दारात येत असे आणि वस्तीला जाब देत असे. नाट्यगृहातला प्रेक्षक टाळ्या वाजवून घरी जातो. कलावंत निघून गेल्यावर मोहल्ल्यात काय उरते?

मी माझ्या घरातला पहिला पदवीधर. शिक्षणाने मला समीक्षेची परिभाषा दिली. पण धुळे-जळगावच्या वस्त्यांतली गाणारी माणसे त्या परिभाषेच्या बाहेरच राहिली. १४ एप्रिलला त्यांना मंच मिळतो, पंधराला ढोलकी खुंटीला लागते. माझ्या वर्गातली मुले घरी अहिराणी बोलतात आणि स्नेहसंमेलनात उसन्या प्रमाण भाषेत नाटक करतात. जालन्याच्या शेतकऱ्याला जे साधले, ते अमळनेर-साक्रीच्या पोरांना का साधू नये? आपल्या पाण्याचा, मजुरीचा, वसतिगृहाचा सवाल त्यांनी अहिराणीत गावा आणि जवाबही वस्तीतूनच यावा. भगतांच्या कामाचे खरे मूल्यमापन असा जलसा इथे उभा राहतो की नाही, यावरच होईल. तो उभा करण्याची जबाबदारी एकट्या शाहिरावर टाकून आम्हा शिकलेल्यांना मोकळे होता येणार नाही.